हिपहॉप समाजकार्य (आर्क्टिक कॅनडा)

हिपहॉप नृत्याच्या, विशेषतः ब्रेकिंग या (जमिनीवर हात टेकून गिरक्या व कसरती करण्याच्या) प्रकाराच्या, शिक्षणातून दुर्गम वस्त्यांमधील मूलनिवासी तरुणांचे मनोबल वाढविण्याची पद्धत. आर्क्टिक प्रदेशातील इन्युइट या मूलनिवासी समाजात (जुन्या मराठी संदर्भग्रंथांतील ‘एस्किमो’, हे नाव आता कॅनडात अवमानकारक मानतात) ती साधारणपणे २००६ पासून रुजू लागली. ओटावाचे समाजकार्यकर्ते व ब्रेकिंग नर्तक स्टीफन लीफ्लोर यांच्या ‘ब्लूप्रिंट फॉर लाइफ’ या संस्थेने कॅनडाच्या उत्तरेकडील नुनाव्हूत या प्रदेशातील इकालुइट, क्लाइड रिव्हर इ. ठिकाणी आठवडाभराची शिबिरे घेतली. १ एप्रिल १९९९ रोजी वेगळा झालेल्या या प्रदेशातील २५ वस्त्यांना एकमेकींशी जोडणारे रस्ते नाहीत. मूलनिवासी मुलांसाठी सरकार व चर्च यांनी चालविलेल्या सक्तीच्या निवासी शाळांनी मुले घरापासून व भाषेपासून तोडली. त्या आघाताचे वळ पुढच्या पिढ्यांवरही उमटले असून तरुणांतील आत्महत्यांचे प्रमाण कॅनडाच्या सरासरीहून कितीतरी अधिक आहे. म्हणूनच शिबिरात नाचाइतकेच महत्त्व राग, हिंसा व दुःख यांविषयी गोल करून बसून मोकळेपणी बोलण्याला असते.

हे नृत्य उपरे ठरले नाही, याचे कारण स्थानिक कलांत शोधावे लागते. ‘कताज्जाक’ या कंठगायनात दोन स्त्रिया समोरासमोर, बहुधा एकमेकींचे दंड धरून, उभ्या राहतात. एकीच्या ध्वनीमागोमाग उरलेल्या फटीत दुसरी आपला ध्वनी बसविते, श्वास घेताना व सोडतानाही आवाज काढला जातो आणि जिला आधी धाप लागते किंवा हसू फुटते ती हरते. यास गायन म्हणावे की खेळ, याबाबत मतभेद आहेत. संगीतशास्त्रज्ञ झां-झाक नातिए यांनी त्याचे खेळाचे अंग पुढे आणले. हार-जीत पाहता ते मत अधिक ग्राह्य वाटते. मिशनऱ्यांच्या विरोधामुळे मागे पडलेली ही कला विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात पुन्हा वर आली, आणि शिबिरांत बीटबॉक्सच्या (तोंडाने तालवाद्यांचे आवाज काढण्याच्या) जोडीने ऐकू येऊ लागली. दोहोंतील साम्य श्वासाच्या वापरापुरते आहे. त्यावरून ऐतिहासिक नाते जोडणे धाडसाचे होईल.

‘अलास्कन हाय किक’ या पारंपरिक खेळात खेळाडू एक हात जमिनीवर रोवून, दुसऱ्या हाताने विरुद्ध बाजूचे पाऊल धरून, मोकळ्या पायाने वर टांगलेल्या लक्ष्यास स्पर्श करतो व त्याच पायावर उतरतो. एका हातावर तोललेले ते शरीर ब्रेकिंगमधील ‘फ्रीझ’शी (नाचता नाचता एका स्थितीत क्षणभर थिजून राहण्याशी) विलक्षण जुळते. आजोबांचा खेळ आणि नातवाचा नाच एकाच अंगबळावर उभे आहेत, हे समारोपाच्या कार्यक्रमात सगळी वस्ती डोळ्यांनी पाहते.

ऑस्ट्रेलियातील दुर्गम मूलनिवासी वस्त्यांतही असे उपक्रम झाले असून तेथे नृत्याबरोबर गाणी व चित्रफिती यांवर भर असतो.