समाचारपट की माहितीपट? १९४८च्या ऑलिंपिकची रिळं बघताना

१२ ऑगस्ट १९४८. लंडन ऑलिंपिकमध्ये वेम्बलीवर भारताने ब्रिटनला ४-० असं हरवून हॉकीचं सुवर्ण जिंकलं. त्या स्पर्धेची जुनी दृश्यं कुणी पाठवतं आणि खाली हमखास लिहिलेलं असतं, ‘दुर्मीळ डॉक्युमेंटरी’. मला हे खटकतं. बऱ्याचदा तो समाचारपटाचा तुकडा असतो, आणि समाचारपट म्हणजे माहितीपट नव्हे.

समाचारपट, म्हणजे न्यूजरील. आपल्याकडे मुख्य सिनेमाआधी फिल्म्स डिव्हिजनचं लागायचं, तसंच. ब्रिटनमध्ये तेव्हा आठवड्यातून दोनदा नवं रीळ निघायचं, साधारण दहा मिनिटांचं. त्यात एका शर्यतीच्या वाट्याला येऊन येऊन किती येणार? सुरुवात, शेवटची धाव, विजेत्याचा चेहरा आणि वर निवेदकाचा खणखणीत आवाज. कोण जिंकलं ते कळलं की संपलं. नवं रीळ आलं की हे शिळं.

माहितीपट थिएटरात लागतो तोवर निकाल सगळ्यांना पाठ झालेला असतो. तरीही प्रेक्षकाला खुर्चीत धरून ठेवायचं, ही त्याची खरी परीक्षा.

लंडनच्या बाबतीत घोळ व्हायला एक कारणही आहे. अधिकृत चित्रपट ‘द ग्लोरी ऑफ स्पोर्ट’ केला तो कॅसलटन नाइट यांनी, आणि ते मुळात गोमाँट-ब्रिटिश या समाचारपट कंपनीचे प्रमुख. चित्रपट मात्र रंगीत, पूर्ण लांबीचा. रंगीत चित्रणाचे टेक्निकलर कॅमेरे पुरेसे नव्हते, म्हणून टेक्निक्रोम नावाची दोन रंगांची पद्धत वापरली. स्पर्धा १४ ऑगस्टला संपल्या आणि सप्टेंबरच्या सुरुवातीला चित्रपट लोकांसमोर! एवढी घाई समाचारपटवाल्यालाच जमते.

लंडनच्या त्या स्पर्धेतल्या मॅरेथॉनच्या शेवटाचं चित्रण जरूर बघा. बेल्जियमचा एतिएन गायी स्टेडियममध्ये पहिला शिरतो, पण पायांत त्राण उरलेलं नाही. झोकांड्या खात तो ट्रॅकवर कसाबसा पुढे सरकतो. अर्जेंटिनाचा काब्रेरा त्याला मागे टाकतो, मग ब्रिटनचा रिचर्ड्स. गायी तिसरा. समाचारपटाची बातमी काब्रेरा. माहितीपटाचा जीव गायीमध्ये. माझे डोळे तरी दर वेळी त्याच्यावरच खिळतात.

(याच स्पर्धेत ४×१०० मीटर रिलेत अमेरिकेला आधी बाद केलं होतं. नंतर पंचांनी शर्यतीचं चित्रण पाहिलं, निर्णय फिरवला आणि ब्रिटनला सुवर्ण परत करावं लागलं.)

चार वर्षांनी हेलसिंकी. आपल्या खाशाबा जाधवांनी कुस्तीत कांस्य मिळवलं ते इथे. फ्रान्सचा तरुण क्रिस मार्कर तिथे कॅमेरा घेऊन पोचला आणि त्याने ‘ऑलिंपिया ५२’ केला. जर्मन दिग्दर्शिका लेनी रीफेनस्टालच्या बर्लिन ऑलिंपिकवरच्या ‘ऑलिंपिया’शी याची गल्लत करू नका. हा मार्करचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट, आणि त्यामागे ‘पप्ल ए क्युल्त्युर’ ही लोकशिक्षण करणारी संस्था होती.

तिथे मार्करने चिलीचा एक घोडेस्वार टिपला, सेझार मेंदोसा. त्याच्या संघाने रौप्य जिंकलं. १९७३मध्ये चिलीत लष्कराने सत्ता बळकावली, तेव्हा लष्करप्रमुख पिनोशेच्या चौघांच्या जुंटात, म्हणजे सत्ता हाती घेणाऱ्या मंडळात, हाच मेंदोसा होता. मार्करने ते जुनं चित्रण बाहेर काढलं आणि १९७७च्या आपल्या राजकीय चित्रपटात पुन्हा दाखवलं. घोडा तोच, उडी तीच. स्वाराकडे मात्र आता कुणी खेळाडू म्हणून बघत नव्हतं.