मिश्र कुटुंब (मराठवाडा)

वेगवेगळ्या धर्मांची, जातींची, भाषांची किंवा वंशांची माणसे विवाहाने अथवा धर्मांतराने एका नात्यात आली की जे कुटुंब तयार होते, त्याला मिश्र कुटुंब म्हणतात. ही संज्ञा अभ्यासकांची आहे. मराठवाड्यातल्या रोजच्या बोलण्यात ती नाही; ‘त्यांची सून दुसऱ्या समाजाची आहे’, ‘पोरीनं बाहेर लग्न केलं’ एवढेच लोक म्हणतात. यातला ‘समाज’ हा शब्द नीट ऐकण्यासारखा आहे. मराठा समाज, बंजारा समाज, लिंगायत समाज, मुस्लिम समाज, शीख समाज असे म्हणताना जात, पंथ, धर्म आणि भाषा सगळे त्या एकाच शब्दात मावते. म्हणून उदगीरच्या लिंगायत घरात आलेली मराठा सून आणि नांदेडच्या शीख घरात आलेली तेलुगू सून, दोघीही गावाच्या लेखी सारख्याच ‘बाहेरच्या’. कायदा मात्र वेगळ्याच जागी रेघ ओढतो.

घडण

मराठवाडा १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. १९५६ मध्ये तो द्विभाषिक मुंबई राज्यात आला आणि १ मे १९६० पासून महाराष्ट्रात आहे. तेलुगू, मराठी आणि कन्नड मुलूख एका राज्यात, दरबाराची भाषा उर्दू, अशा व्यवस्थेत फौज, व्यापार आणि नोकरीच्या निमित्ताने माणसे सतत हलत राहिली. २०११ च्या जनगणनेत सुमारे १ कोटी ८७ लाख लोकसंख्या असलेल्या या प्रदेशातली मिश्र घरे त्या हालचालीतून आली आहेत. प्रेमविवाहांमुळे ती अलीकडेच उगवली, असा जो समज आहे तो चुकीचा आहे.

चाऊस कुटुंबे हे याचे सर्वांत बोलके उदाहरण. येमेनमधल्या हद्रमौत भागातून अरब शिपाई निजामाच्या आणि जहागीरदारांच्या चाकरीत आले. बहुतेक एकटे आले आणि इथल्याच मुसलमान घरांत त्यांची लग्ने झाली. परमुलखातल्या आईच्या पोटी जन्मलेल्या मुलांना हद्रमौती लोक ‘मुवल्लद’ म्हणत, म्हणजे अरब खरे पण तिकडे जन्मलेले. १९४८ नंतर अरब तुकड्या मोडल्या, परदेशात जन्मलेल्या कित्येकांना परत पाठवण्यात आले. इथे जन्मलेले राहिले. ‘चाऊस’ हा शब्द मुळात तुर्की फौजेतला हुद्दा. आज औरंगाबाद (आताचे छत्रपती संभाजीनगर), जालना, बीड, परभणी भागात ते आडनाव आहे, घरात दखनी (उर्दूची इथली बोली) आहे, बाजारात अस्सल मराठवाडी मराठी आहे. बापाची ओळख आडनावात उरली, आईची जिभेवर.

नांदेडचे दखनी शीख हीच गोष्ट निराळ्या तऱ्हेने सांगतात. गुरू गोविंदसिंग १७०८ मध्ये नांदेडला निवर्तले. पुढे महाराजा रणजितसिंग यांच्या काळात तिथे तख्त सचखंड श्री हजूर साहिबची वास्तू उभी राहिली आणि पंजाबातून आलेल्या शीख सैनिकांची घरे निजामाच्या मुलखात स्थिरावली. हजूर साहिबची मर्यादा, म्हणजे पूजाविधीची रीत, पंजाबातल्या गुरुद्वाऱ्यांपेक्षा बरीच वेगळी आहे. तिथे दिव्यांची आरती होते, चंदनाचा टिळा लागतो, दसऱ्याला शस्त्रपूजन आणि हल्लाबोल असतो. पंजाबातून आलेल्या पाहुण्याला हे परके वाटते, नांदेडच्या शिखाला हीच आपली जुनी रीत वाटते. शेजारच्या हिंगोली जिल्ह्यातले नरसी हे संत नामदेवांचे जन्मगाव मानले जाते आणि नामदेवांची ६१ पदे गुरू ग्रंथ साहिबात आहेत. वारकरी माहेर आणि शीख सासर असलेल्या बाईला एकच नाव दोन्हीकडे ऐकू येते, ही नांदेड परिसराची खास ठेव आहे.

सीमेवरचे तालुके भाषेने मिसळलेले आहेत. देगलूर, बिलोली, धर्माबादकडे तेलुगू. उदगीर, उमरग्याकडे कन्नड. किनवटकडे गोंडी आणि कोलामी. इथे अडचण धर्माची नसते, नात्याची असते. तेलुगू आणि कन्नड घरांत मामाने भाचीशी लग्न करणे रूढ आहे. मराठी घरांत मामाची मुलगी करतात, पण मामा-भाचीचे नाव काढले तरी कानांवर हात ठेवतात. इरावती कर्वे यांनी नातेव्यवस्थेच्या अभ्यासात महाराष्ट्राला उत्तर आणि दक्षिण यांच्या मधल्या पट्ट्यात ठेवले होते. त्या पट्ट्याची खालची कड नांदेड-लातुरातून जाते. हिंदू विवाह कायदा (१९५५) मामा-भाचीचे नाते निषिद्ध धरतो, मात्र दोन्ही पक्षांची रूढी परवानगी देत असेल तर सूट देतो. आई तेलुगू आणि वडील मराठा असलेल्या मुलीला कोणती रूढी लागू, हा प्रश्न अशा घरात बैठकीच्या ऐन मध्यावर उभा राहतो.

बंजारा समाजाची गत आणखी निराळी. ते स्वतःला ‘गोर’ म्हणतात आणि बाहेरच्याला ‘कोर’. तांड्यात कोर सून आली तर तिला गोरबोली शिकावीच लागते, कारण म्हाताऱ्या बायका दुसऱ्या भाषेत मन मोकळे करत नाहीत. आणि एकाच गोर नात्यागोत्यात महाराष्ट्रातले घर विमुक्त जातीत, तेलंगणातले अनुसूचित जमातीत आणि कर्नाटकातले अनुसूचित जातीत मोडते.

नवस आणि सोयरीक

मराठवाड्याचे वर्णन करताना ‘इथे सगळे मिळून राहतात’ असे लिहायची पद्धत आहे. त्यात तथ्य आहे, पण ते अर्धे आहे. पैठणचे एकनाथ (१५३३–१५९९) यांनी हिंदू आणि तुर्काचा वाद भारुडात रंगवला आणि शेवटी दोघांना गळाभेट घ्यायला लावली. त्यांचे गुरू जनार्दनस्वामी देवगिरीच्या किल्ल्यावर मुसलमान सत्तेचे अधिकारी होते. खुलदाबादच्या दर्ग्यांत, कंधारला, परभणीच्या तुराबुल हक यांच्या उरुसात हिंदू माणसे गलफ (मजारीवरची चादर) चढवतात, मलीदा वाटतात. मोहरमला गावोगाव सवाऱ्या (पंजे) बसतात; नवसाच्या मुलाला त्या दहा दिवसांपुरते फकीर करतात. मूल जगावे म्हणून पिराला बोललेल्या घरांतून पिराजी, फकीरा, दस्तगीर अशी नावे निघाली आणि ती मराठा, धनगर, मातंग घरांत आजही सापडतात. पिराची कंदुरी म्हणजे बोकड कापून गावजेवण. तिथे मुलाणी बोकड हलाल करतो आणि पाटलाच्या घरचे जेवायला बसतात.

ही सगळी देवाणघेवाण खरी आहे. पण ती उंबऱ्यापर्यंतची आहे. पिराला नवस बोलणाऱ्या घरातही मुलीची सोयरीक मुसलमान घरात होत नव्हती. पंगत कधीमधी एक होई, बेटीव्यवहार कधीच नाही. श्रद्धेला वाट होती, सुनेला नव्हती. मिश्र कुटुंबांचा विचार करताना हा भेद विसरला की जुन्या काळाचे खोटे सुंदर चित्र तयार होते. त्याच गावांनी रझाकारांचे अत्याचार सोसले आणि १९४८ मध्ये भारतीय फौजेने संस्थान ताब्यात घेतलेल्या पोलीस कारवाईनंतर मुसलमानांची कत्तलही पाहिली. या हिंसेच्या पाहणीसाठी केंद्राने पाठवलेल्या सुंदरलाल समितीने सर्वाधिक झळ बसलेले म्हणून सांगितलेल्या चार जिल्ह्यांत उस्मानाबाद आणि नांदेड होते. त्यानंतर अनेक घरांत जुन्या नात्यांबद्दल बोलणेच बंद झाले.

सोयरिकीची भिंत हलवण्याचे काम दोन चळवळींनी केले. पहिली आर्य समाजाची. उदगीर, लातूर, उमरगा भागात तिने निजामाविरुद्ध १९३८–३९ चा सत्याग्रह केला आणि वैदिक विवाहाची सोपी पद्धत रुजवली. तिकडे ब्रिटिश हद्दीत १९३७ च्या कायद्याने आर्य समाजींमधले भिन्न जातींचे, तसेच जोडीदार पूर्वी अन्य धर्माचा असल्यास तेही विवाह वैध ठरवले होते. या चळवळीत शुद्धीचाही आग्रह होता, म्हणजे येणाऱ्याने आधी आपल्यासारखे व्हायचे. दुसरी डॉ. आंबेडकरांची. १९५० मध्ये औरंगाबादला मिलिंद महाविद्यालय निघाले, १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात धम्मदीक्षा झाली आणि मराठवाड्यातल्या हजारो घरांची श्रद्धा एका पिढीत बदलली. इथे लग्नाशिवायच कुटुंब मिश्र झाले: थोरला भाऊ बौद्ध, आई अजून लक्ष्मीआईला नैवेद्य दाखवणारी, चुलता जालन्याच्या मिशनातला ख्रिस्ती. जालन्याजवळ नारायण शेषाद्री या ब्राह्मण कुळातून ख्रिस्ती झालेल्या धर्मोपदेशकाने एकोणिसाव्या शतकात बेथेल ही वस्ती वसवली होती, त्यामुळे त्या भागात ख्रिस्ती पाहुणे असणे नवे नव्हते.

घरातला देव

मिश्र घरात बदल कुठून होतो, हे पाहायचे तर चुलीपासून आणि देवघरापासून सुरुवात करावी. बौद्ध घरात आलेल्या हिंदू सुनेपुढे बावीस प्रतिज्ञांचा प्रश्न येतो; धम्मदीक्षेच्या वेळच्या या प्रतिज्ञांत हिंदू देवदेवतांची पूजा न करण्याचा शब्द आहे. मराठवाड्यात ज्येष्ठा गौरींना महालक्ष्म्या म्हणतात. भाद्रपदात माहेरी महालक्ष्म्या बसल्या की ती जेवायला जाते, ओटी घेते, पण सासरी मुखवटे आणत नाही. सासू तिला जा म्हणते का, यावर पुष्कळ काही अवलंबून असते. सिद्धांताचे वाद पुरुष करतात आणि तोडगा बायका काढतात, असे या प्रदेशात वारंवार दिसते.

दागिन्याचेही तसेच. हिंदू सवाष्णीचे मंगळसूत्र काळ्या मण्यांचे, आणि दखनी मुसलमान बाईचा काळ्या पोतीचा लच्छाही तसाच. दोन्ही सौभाग्याच्या खुणा. आंतरधर्मीय लग्न केलेल्या बाईच्या गळ्यात काळी पोत असली की बाजारात कोणी काही विचारत नाही.

जेवणात ज्वारीची भाकरी आणि येसराची आमटी सगळ्यांची आहे. ईदचा शीरखुर्मा आणि दिवाळीचा फराळ शेजारी पूर्वीपासून वाटत आले. खरी कसोटी मांसाची असते. लिंगायत किंवा जैन माहेरची मुलगी मटण शिजणाऱ्या घरात गेली तर तिच्यासाठी वेगळे भांडे निघते. ते भांडे मायेने काढलेले की विटाळाने, हे तिला पहिल्या दिवशीच कळते.

मुलांची नावे ठेवताना दोन्हीकडे चालेल असे नाव शोधतात: समीर, आयेशा-आशा, कबीर. आजीला कोणती हाक मारायची, आजी, नानी, दादी, अव्वा की अम्मम्मा, हे मूल स्वतःच ठरवून टाकते.

कागद

घराने मान्य केले तरी कागदाला एकच उत्तर हवे असते. हिंदू विवाह कायदा बौद्ध, जैन आणि शीख यांनाही लागू आहे. म्हणून गावाला मोठे वाटणारे मराठा–बौद्ध किंवा पंजाबी शीख–तेलुगू लग्न कायद्याच्या लेखी एकाच चौकटीतले. हिंदू–मुस्लिम जोडप्याला, कोणी धर्म बदलायचा नसेल तर, विशेष विवाह कायदा (१९५४) हाच रस्ता आहे. त्यात विवाह अधिकाऱ्याच्या फलकावर ३० दिवस नोटीस लागते. लहान तालुक्याच्या ठिकाणी ही नोटीस भावकीपर्यंत दुसऱ्याच दिवशी पोहोचते, आणि अनेक जोडपी याच भीतीने धर्मांतर करून घाईने लग्न उरकतात. धर्म न बदलता लग्न करता यावे म्हणून जो कायदा केला, त्याच कायद्याची नोटीस धर्मांतराला ढकलते, हे या व्यवस्थेचे मोठे अपयश आहे. ऑनर किलिंग रोखण्यासाठी सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सुरक्षित निवाऱ्यांचे निर्देश दिले. महाराष्ट्राने सामाजिक बहिष्काराविरुद्ध २०१६ चा कायदा केला. तरी वाळीत टाकणे आता जातपंचायतीच्या फर्मानाशिवायही होते: लग्नपत्रिका येत नाही, मयतीचा निरोप येत नाही.

शाळेच्या दाखल्यावरचा जातीचा रकाना ही पुढची पायरी. सर्वसाधारण समजुतीने मूल बापाच्या जातीचे. सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये सांगितले की हे केवळ गृहीतक आहे. आई अनुसूचित जाती-जमातीची असेल आणि मूल तिच्याच समाजात, तीच झळ सोसत वाढले असेल तर ते सिद्ध करून आईची ओळख मिळू शकते. लग्न करून आलेल्या सुनेला मात्र नवऱ्याच्या जातीचे आरक्षण मिळत नाही. अनुसूचित जातीचा दर्जा १९५० च्या आदेशाने फक्त हिंदूंना, १९५६ पासून शिखांना आणि १९९० पासून बौद्धांना आहे. त्यामुळे वर सांगितलेल्या घरात बौद्ध भावाच्या मुलाला दाखला मिळतो आणि ख्रिस्ती चुलत्याच्या नातवाला मिळत नाही, मूळ वस्ती आणि मूळ हाल एकच असूनही. मुंबई उच्च न्यायालयाने २०१४ मध्ये ‘माझा कोणताच धर्म नाही’ असे सांगण्याचा नागरिकाचा हक्क मान्य केला. १ मे २०२४ रोजी आणि त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचे नाव बापाच्या नावाआधी लिहिणे राज्याने बंधनकारक केले आहे. आईचे नाव एका धर्मातले आणि बापाचे दुसऱ्या, हे आता दाखल्यावर उघड वाचता येईल.

वारसाहक्कात गुंतागुंत आणखी आहे. विशेष विवाह कायद्याने अन्यधर्मीयाशी लग्न केलेला हिंदू एकत्र कुटुंबातून वेगळा झाला असे धरतात आणि त्याच्या मालमत्तेला भारतीय उत्तराधिकार कायदा लागतो. दोघेही हिंदू, बौद्ध, जैन वा शीख असतील तर १९७६ पासून तसे होत नाही. मुसलमान नवरा आणि हिंदू बायको यांचा निकाह झाला असेल तर तो विवाह अनियमित ठरतो, पण मूल औरस असते आणि बापाच्या जमिनीत त्याला वाटा मिळतो, असा सर्वोच्च न्यायालयाचा २०१९ चा निर्णय आहे. बायकोला मेहर मिळतो, वारसा नाही. सातबाऱ्यावर नाव लावताना तलाठ्यासमोर या गोष्टी पहिल्यांदा कळतात, तेव्हा बहुधा उशीर झालेला असतो.

शेवटची अडचण मातीची. कब्रस्तान, स्मशान, ख्रिस्ती दफनभूमी आणि लिंगायतांची रुद्रभूमी वेगवेगळी असते. आयुष्यभर धर्म न बदलता एका घरात राहिलेल्या नवरा-बायकोला मेल्यावर वेगवेगळ्या वेशींकडे न्यावे लागते, आणि कोणाला कुठे न्यायचे हे त्या दिवशी दारात जमलेले पाहुणे ठरवतात. म्हणून अशा घरांतली काही माणसे जिवंतपणीच आपली इच्छा कागदावर लिहून मुलांच्या हाती देतात.