आमंत्रण माणसाचं की सूचना खेळाची?

गेल्या वर्षी एका वास्तुशांतीला मामीने मला हळूच आतल्या खोलीत बोलावलं. पदराला हात पुसत म्हणाली, "तुझ्या बहिणीचं काही बिनसलंय का गं माझ्यावर? फेसबुकवर शोधलं तर ती दिसतच नाही आता. बारशाचे फोटो टाकले, तिचं एक अक्षर नाही." बहिणीला विचारलं, तर ती म्हणाली, "अगं ताई, रोज आठ-दहा वेळा मामीच्या नावाने त्या फुगे फोडायच्या खेळाचं काहीतरी यायचं. मीटिंगमध्ये फोन सारखा थरथरायचा. ते नोटिफिकेशन बंद करायला गेले आणि ब्लॉक दाबलं." तिला खेळ बंद करायचा होता, बंद झाली मामी.

मग मी मामीचा फोन हातात घेतला. खेळ एका पायरीवर अडला होता आणि पडद्यावर 'मित्रांना मदत मागा' असं मोठं हिरवं बटण होतं. ते दाबलं की ओळखीच्या सगळ्यांची यादी उघडायची, प्रत्येक नावापुढे आधीच बरोबरची खूण केलेली, आणि खाली आणखी एक हिरवं बटण. मामी म्हणाली, "मी तर फक्त पुढे जायला ते दाबते." त्या एका दाबण्याने दीडेकशे घरांत घंटी वाजते, हे तिच्या गावीही नव्हतं.

तेव्हापासून कुणी "गेमची नोटिफिकेशन्स बंद करून दे" म्हणून फोन पुढे केला की मी आधी विचारते, नेमकं काय येतंय ते दाखवा. कारण त्या एका शब्दाखाली दोन अगदी वेगळ्या गोष्टी येतात. एक असते माणसाने पाठवलेली विनंती: 'अमुक तमुकने तुम्हाला एक लाइफ मागितली आहे', 'अमुकने तुम्हाला खेळायला बोलावलं आहे'. (लाइफ म्हणजे खेळात हरल्यावर पुन्हा खेळायची एक संधी.) दुसरी असते खेळाने स्वतः पाठवलेली सूचना: 'तुमच्या सगळ्या लाइफ भरल्या', 'आजचं बक्षीस घ्यायचं राहिलंय', 'तुमची आठवण येतेय'. दोन्ही त्याच घंटीखाली येतात, दोन्हींवर त्याच खेळाचं चित्र असतं, लाल आकडाही एकच वाढतो. वरवर पाहिलं तर फरक कळत नाही. पण त्या निघतात वेगवेगळ्या जागेवरून आणि थांबतातही वेगवेगळ्या जागी.

ओळखायची खूण सोपी आहे. वाक्यात कुणाचं नाव आहे ते पाहा. माणसाचं नाव असेल तर ती विनंती, नुसतं खेळाचं असेल तर सूचना. आणखी एक ताळा घेता येतो: तो खेळ तुम्ही कधी उघडलाच नसेल, तरीही फेसबुकवर त्याचं काही येत असेल, तर ते जवळजवळ नक्की कुणातरी माणसाकडून आलेलं आहे. खेळाला स्वतःहून तुमच्याशी बोलायचं तर आधी तुम्ही कधीतरी त्याला परवानगी दिलेली असावी लागते. विनंतीला ती अट नव्हती, आणि सगळा त्रास तिथेच सुरू झाला.

या दोन वाटा कशा पडल्या ते थोडं मागे जाऊन पाहण्यासारखं आहे. मे २००७ मध्ये फेसबुकने बाहेरच्या कंपन्यांना आपल्या अंगणात अ‍ॅप्स मांडायची मुभा दिली. जून २००९ मध्ये फार्मव्हिल हा शेतीचा खेळ आला आणि जिकडे तिकडे शेती सुरू झाली. तेव्हा खेळ वाटेल तशा सूचना धाडू शकत होते. मार्च २०१० मध्ये फेसबुकने खेळांची ती वाट बंद केली, मात्र माणसामाणसांतल्या विनंत्या राहिल्या. साहजिकच खेळ बनवणाऱ्यांनी सगळा जोर विनंत्यांवर दिला: पुढे जायचंय तर मित्राला विचारा, लाइफ हवीय तर मित्राला मागा. पुढे २०१२ मध्ये खेळांना पुन्हा स्वतःची सूचना पाठवता येऊ लागली, पण ज्यांनी परवानगी दिली आहे त्यांनाच. त्याच वर्षी एप्रिलमध्ये कँडी क्रश सागा हा खेळ फेसबुकवर आला आणि नोव्हेंबरमध्ये फोनवर.

हा विषय किती जिव्हाळ्याचा होता ते २८ ऑक्टोबर २०१५ ला दिसलं. फेसबुकचे प्रमुख मार्क झुकरबर्ग दिल्लीच्या आयआयटीत विद्यार्थ्यांच्या प्रश्नांना उत्तरं द्यायला आले होते. लोकांनी आधीच पाठवलेल्या प्रश्नांत सर्वांत जास्त मतं मिळाली होती ती कँडी क्रशची आमंत्रणं कशी थांबवायची या प्रश्नाला. त्यांनी सांगितलं, की जे लोक खेळ खेळतच नाहीत त्यांनाही आमंत्रण धाडता येईल अशी काही जुनी सोय अजून चालू आहे, ती बंद करण्याकडे आजवर लक्ष दिलं नव्हतं, आता त्यावर काम चाललंय. इंटरनेट, शिक्षण, नोकऱ्या असे मोठे विषय असताना लोकांनी हा प्रश्न वर आणला याचं मला तेव्हाही नवल वाटलं नव्हतं. दिवसातून दहा वेळा टोचणारा काटा माणूस आधी काढतो.

आता उपायांकडे. आधी माणसाची विनंती, कारण चुका इथेच होतात आणि मनं इथेच दुखावतात.

फेसबुकच्या सेटिंगमध्ये 'ब्लॉकिंग' नावाचं पान आहे. त्यात वरच 'ब्लॉक यूझर्स' असतं. माझी बहीण तिथे अडकली. त्याने माणूसच तुटतो: मैत्री संपते, तुम्ही त्या माणसाला दिसत नाही, तो माणूस तुम्हाला दिसत नाही. त्याच पानावर खाली 'ब्लॉक अ‍ॅप इन्व्हाइट्स' असतं. तिथे मामीचं नाव घातलं की तिच्याकडून येणारी खेळांची आमंत्रणं आपोआप बाजूला पडतात आणि बाकी सगळं जसंच्या तसं राहतं. फोटो दिसतात, वाढदिवसाच्या शुभेच्छा पोचतात, मेसेंजरवर बोलता येतं. मामीला याचा निरोपही जात नाही. आणि तिसरं असतं 'ब्लॉक अ‍ॅप्स'. तिथे माणसाचं नाही, खेळाचं नाव घालायचं. मग तो खेळ कुणाच्याही हातून तुमच्यापर्यंत पोचत नाही.

यातलं कुठलं निवडायचं? एकच मामी दहा खेळांची आमंत्रणं पाठवत असेल तर मामीच्या नावाने आमंत्रणं अडवा. दहा जण एकाच खेळाची पाठवत असतील तर खेळ अडवा. दिवाळीच्या सुट्टीत घरातल्या साऱ्या चुलत-मावस भावंडांना एकाच वेळी एकाच खेळाचं वेड लागतं. तेव्हा खेळ अडवायचा हा दुसरा उपायच लागू पडतो, एकेकाचं नाव घालत बसण्यात अर्थ नसतो.

दोन्हींवर एकदम पडदा टाकायचा असेल तर 'अ‍ॅप्स अँड वेबसाइट्स' या पानावर खेळांच्या आणि अ‍ॅप्सच्या सूचनांचं बटण असतं. ते बंद केलं की मित्रांच्या विनंत्या आणि खेळांच्या सूचना, दोन्ही फेसबुकच्या घंटीत येणं थांबतं. पण इथे हात सांभाळा. त्याच्या शेजारीच दुसरं बटण आहे, अ‍ॅप्स, वेबसाइट्स आणि खेळ यांचा संबंधच तोडणारं. ते बंद झालं तर जिथे जिथे तुम्ही 'फेसबुकने लॉग इन' केलंय, तिथे तो रस्ता बंद होतो. एकाने बोलणं थांबतं, दुसऱ्याने दारच लागतं.

खेळाच्या स्वतःच्या सूचनांची गोष्ट वेगळी. यातल्या बऱ्याचशा फेसबुकवरून येतच नाहीत, फोनमध्ये बसवलेल्या खेळातून थेट येतात. म्हणून फेसबुकचं सेटिंग कितीही चाळलं तरी त्या थांबत नाहीत. उलटही तितकंच खरं: फोनमध्ये फेसबुकची सूचना बंद केली तरी फेसबुक उघडल्यावर घंटीवरचा लाल आकडा तसाच असतो, कारण तुम्ही फक्त आवाज बंद केलाय, टपाल येतच आहे.

कँडी क्रशचं उदाहरण घ्या. त्यात एका वेळी पाच लाइफ असतात आणि संपलेली एकेक लाइफ अर्ध्या तासाने परत येते. म्हणजे रात्री नऊला पाचही संपवून फोन ठेवला, तर साडेअकराला सगळ्या भरतात. नेमकी झोप लागायच्या वेळी 'लाइफ भरल्या' अशी सूचना येण्यामागे एवढंच गणित असतं. अशी सूचना पाठवायला खेळाला इंटरनेटसुद्धा लागत नाही. फोनमध्येच गजरासारखी वेळ लावून ठेवता येते, त्यामुळे डेटा बंद करून झोपणाऱ्यांचाही फोन वाजू शकतो.

अँड्रॉइडवर अशी सूचना आली की ती बोटाने थोडा वेळ दाबून धरा. बंद करायचा पर्याय तिथेच निघतो. आयफोनवर ती डावीकडे सरकवून 'ऑप्शन्स' मधून बंद करता येते. सेटिंगच्या जंगलात शिरायची गरज नाही. ज्येष्ठांना मी हेच शिकवते, कारण सूचना समोर असताना कुठला खेळ त्रास देतोय हे शोधावं लागत नाही.

२०१७ च्या अँड्रॉइड ८ पासून एकाच अ‍ॅपच्या सूचनांचे वेगवेगळे गट करता येतात. एक चालू, एक बंद. गट पाडायचे की नाही हे मात्र अ‍ॅप बनवणाऱ्याच्या हाती असतं, आणि काही खेळ सगळं एकाच टोपलीत टाकतात. २०२२ च्या अँड्रॉइड १३ पासून नवीन अ‍ॅपला सूचना पाठवण्याआधी तुमची परवानगी विचारावी लागते. पण फोन जुना असताना बसवलेले आणि तेव्हापासून सूचना पाठवणारे खेळ फोन अपडेट झाल्यावर ती मुभा तशीच राखतात. त्यामुळे "मला तर कधी विचारलंच नाही" असं लोक म्हणतात, ते खरंच असतं. जुने खेळ एकदा स्वतः तपासायला हवेत.

आमच्या शेजारच्या काकांनी एक खेळ फोनमधून काढून टाकला, तरी फेसबुकच्या घंटीत तो यायचाच. तो फोनमधून गेला होता, फेसबुकशी त्याचं नातं तसंच होतं. 'अ‍ॅप्स अँड वेबसाइट्स' मधूनही त्याला काढावं लागतं. तिथून काढलं की त्याला तुमची पुढची माहिती मिळणं थांबतं. आधी घेतलेली त्याच्याकडे राहू शकते. आणि काढणं म्हणजे अडवणं नव्हे: मित्रांची आमंत्रणं तरीही येऊ शकतात, त्यासाठी वर सांगितलेलं 'ब्लॉक अ‍ॅप्स' च लागतं.

एक बाजू मात्र मला आवर्जून सांगायची आहे. माणसाची विनंती नेहमीच नकोशी नसते. लुडो किंग हा नवी मुंबईत तयार झालेला खेळ २०१६ मध्ये आला, आणि २०२० च्या टाळेबंदीत घराघरांत पोचला. आमच्याकडे रात्रीची जेवणं झाली की पुणे, कोल्हापूर आणि दुबईतली भावंडं एका पटावर बसायची. त्या दिवसांत 'चल, ये' अशी हाक आली की बरं वाटायचं. तशीच घंटी दुपारी बक्षिसासाठी वाजली की राग यायचा. अशा वेळी सरसकट सूचना बंद केल्या तर बक्षिसाबरोबर भावाची हाकही जाते. आधी गट आहेत का ते पाहा. नसतील तर खेळ पूर्ण शांत करा आणि 'नऊला बसूया' एवढं घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर ठरवा.

एसएमएसने येणारे रमीचे वगैरे निरोप या दोन्हींत मोडत नाहीत. जाहिरातीच्या एसएमएससाठी १९०९ वर 'डू नॉट डिस्टर्ब' नोंदवायचं असतं. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा कायदा संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये केला आहे, तेव्हा अशा निरोपातली लिंक उघडूच नका.

बहिणीचं काम त्याच संध्याकाळी पुरं केलं. 'ब्लॉकिंग' मध्ये जाऊन मामीवरचा ब्लॉक काढला. काढल्यावर मैत्री आपोआप परत येत नाही, रिक्वेस्ट नव्याने पाठवावी लागते, आणि त्याच माणसाला पुन्हा ब्लॉक करायचं तर ४८ तास थांबावं लागतं. बहिणीने लगेच रिक्वेस्ट पाठवली, मग 'ब्लॉक अ‍ॅप इन्व्हाइट्स' मध्ये मामीचं नाव घातलं. मामीला मी त्या यादीतल्या खुणा काढून फक्त दोन नावं ठेवायला शिकवलं: तिच्या भावाचं आणि तिच्या भिशीतल्या मैत्रिणीचं, कारण ते दोघंही तोच खेळ खेळतात. रात्री बहिणीने बारशाचे सगळे फोटो पहिल्यापासून पाहिले आणि प्रत्येकाखाली काहीतरी लिहिलं.