व्हर्दूनच्या मातीतलं आर्सेनिक

ईशान्य फ्रान्समध्ये व्हर्दूनच्या पलीकडे एक जंगल आहे. त्यात एका ठिकाणी झाडं एकदम संपतात. पुढे काळपट, उघडीबोडकी जमीन. त्यात कुठे शेवाळ, कुठे दगडफूल, कुठे गवताचे पुंजके. या जागेचं नाव 'प्लास अ गाझ', म्हणजे वायूची जागा.

पहिल्या महायुद्धात, १९१६ साली, व्हर्दूनला सुमारे ३०० दिवस लढाई चालली, अंदाजे ३ लाख सैनिक गेले. युद्ध संपलं तरी रासायनिक तोफगोळे उरलेच होते. त्यातले जवळपास २ लाख १९२८ साली इथे आणून जाळले. विषारी संयुगं आगीत मोडली. पण अनेक गोळ्यांतल्या रसायनात आर्सेनिक होतं, आणि आर्सेनिक हे मूलद्रव्य. ते कितीही जाळलं तरी आर्सेनिकच राहतं. २००७ साली प्रसिद्ध झालेल्या जर्मन संशोधनात इथल्या किलोभर मातीत तब्बल १७५ ग्रॅमपर्यंत आर्सेनिक आढळलं. आगीला ८० वर्षं होत आली होती!

मग ते गवत जगतं कसं? आर्सेनिकचं मातीतलं एक रूप, आर्सेनेट, रचनेनं फॉस्फेटसारखंच असतं. फॉस्फेट झाडाला लागतंच, त्यामुळे मुळं फसतात आणि विष आत ओढून घेतात. होल्कस लॅनेटस या गवताच्या चिवट वाणांनी फॉस्फेट आत घेण्याची ही वाटच आखडती ठेवली आहे. अन्न कमी मिळतं, पण जीव वाचतो. मला या गवताचं फार अप्रूप वाटतं.

माणसाला अशी सोय नाही. शेजारच्या बेल्जियममध्ये शेतकऱ्यांच्या नांगराला आजही गोळे लागतात. मऊ चिखलात पडल्यामुळे ते तेव्हा फुटलेच नव्हते. शेतकरी ते उचलून बांधावर, विजेच्या खांबापाशी ठेवतात आणि लष्कराचं पथक येऊन घेऊन जातं. पण प्रत्येक गोळा असा मुकाट्यानं जात नाही. मार्च २०१४ मध्ये ईप्रला बांधकामावर असाच एक गोळा फुटला आणि दोन कामगार दगावले. शंभर वर्षांपूर्वीच्या लढाईनं घेतलेले हे बळी.

व्हर्दूनच्या परिसरातली नऊ गावं लढाईत जमीनदोस्त झाली. त्यातलं फ्लरी पुन्हा वसलंच नाही. तिथे एकही माणूस राहत नाही, तरी सरकार आजही गावाला सरपंच नेमतं. खड्ड्याखड्ड्यांच्या जमिनीवर आता झाडी आहे आणि पायवाटेच्या कडेला पाट्या: इथे बेकरी होती, इथे शाळा होती.