थेट दर्शन (कोल्हापूर)

देवाचे दर्शन, उत्सव किंवा धार्मिक भावना छापील चित्र, पडदा, केबल वाहिनी आणि मोबाईल यांच्या मार्गाने भक्तापर्यंत पोचवण्याचा व्यवहार. कोल्हापुरात त्याची मुख्य केंद्रे दोन : करवीरनिवासिनी अंबाबाईचे (महालक्ष्मी) मंदिर आणि वाडी रत्नागिरीचा जोतिबा डोंगर. दोन्हींचे व्यवस्थापन पश्चिम महाराष्ट्र देवस्थान व्यवस्थापन समितीकडे आहे. माध्यम देवाला फक्त घरी आणून सोडते, असे समजणे अपुरे आहे. कोणत्या क्षणाला दर्शन म्हणायचे, देवीचे कोणते रूप खरे मानायचे आणि ते ठरवणार कोण, हेही माध्यमामुळे बदलत गेले आहे.

या शहराला हे नवे नाही. बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा ‘सैरंध्री’ (1920) पौराणिकच होता. त्यातला कीचकवध इतका हुबेहूब वठला की त्या दृश्याला सेन्सॉरची कात्री लागली. पुढे 1929 मध्ये इथेच प्रभात फिल्म कंपनी निघाली आणि पुण्याला जाण्याआधी तिने ‘अयोध्येचा राजा’ (1932) हा मराठी बोलपट काढला. देवादिकांचे ते जग नेपथ्यातून उभे करणारे कलादिग्दर्शक शेख फत्तेलाल होते, ही गोष्ट आज आवर्जून सांगावी लागते. जोतिबावरची दूरचित्रवाणी मालिका 2020 मध्ये सुरू झाली, तिचे चित्रीकरणही कोल्हापूर चित्रनगरीतच झाले.

किरणोत्सव. थेट दर्शनाचा सर्वांत बोलका नमुना हा. मंदिर पश्चिमाभिमुख आहे. मावळतीची किरणे महाद्वारातून आत येतात आणि गरुड मंडप, गणपती चौक, कासव चौक, पितळी उंबरा, चांदीचा उंबरा अशा टप्प्यांनी गाभाऱ्यात शिरून मूर्तीवर पडतात. परंपरेने 9, 10, 11 नोव्हेंबर आणि 31 जानेवारी, 1, 2 फेब्रुवारी हे त्याचे दिवस. पहिल्या दिवशी चरण, दुसऱ्या दिवशी छाती, तिसऱ्या दिवशी मुख, असा क्रम सांगितला जातो. अलीकडे आजूबाजूचे दिवस धरून तो पाच दिवस पाहिला जातो.

तारखांच्या या दोन जोड्या योगायोगाने पडलेल्या नाहीत. 21-22 डिसेंबरच्या आधी आणि नंतर साधारण 41 दिवसांवर सूर्य क्षितिजाच्या त्याच जागी, खऱ्या पश्चिमेच्या सुमारे 18 अंश दक्षिणेला मावळतो. या काळात मावळतीची जागा रोज साधारण 0.3 अंशाने सरकते, म्हणजे सूर्यबिंबाच्या रुंदीच्या निम्म्याहून जास्त. त्यामुळे एखादा दिवस ढगात गेला तर दुसऱ्या दिवशी तीच संधी पुन्हा मिळत नाही. वेळही दोन्ही मोसमांत वेगळी असते : नोव्हेंबरात पावणेसहाच्या सुमारास, जानेवारीअखेर सव्वासहाच्या आसपास.

सूर्य जसा खाली उतरतो तसा प्रकाश मूर्तीवर वर चढतो. मुखापर्यंत पोचायला सूर्य सर्वांत खाली यावा लागतो, आणि नेमक्या त्याच वेळी क्षितिजावरचा धूर, धूळ, बाष्प आणि मार्गातल्या इमारतींचे वरचे मजले आड येतात. चरणांना किरणे सहज लागतात आणि मुखाला हुलकावणी देतात, त्याचे कारण इतके साधे आहे. पाण्याची टाकी, पत्र्याची शेड, जाहिरातीचा फलक असा थोडासा अडथळाही पुरतो. म्हणून उत्सवाआधी मार्गाची पाहणी होते आणि प्रकाशाची तीव्रता टप्प्याटप्प्यावर लक्समापकाने मोजली जाते.

गाभाऱ्यात एका वेळी मोजकेच लोक मावतात. बाकीचे आवारातल्या एलईडी पडद्यावर, केबलवर किंवा यूट्यूबवर पाहतात. कॅमेऱ्यापुढची अडचण अशी की किरणोत्सवासाठी गाभाऱ्यातले दिवे मालवलेले असतात, चित्रचौकटीचा बहुतेक भाग काळाकुट्ट असतो आणि मधे एकच झळझळीत पट्टा. कॅमेरा स्वयंचलित प्रकाशमापनावर सोडला तर तो काळोख उजळू पाहतो. मग किरणाचा पट्टा पांढराफटक होतो आणि दागिन्यांचे नुसते ठिपके दिसतात. उपाय म्हणजे किरण चांदीच्या उंबऱ्यावर असतानाच त्या प्रकाशावर एक्स्पोजर (कॅमेऱ्यात किती प्रकाश घ्यायचा ते प्रमाण) ठरवून त्याला कुलूप घालणे. रंगाचा तोलही दिवसाच्या प्रकाशावर, 5,500 केल्व्हिनच्या आसपास, पक्का करावा. तो ऑटोवर राहिला की कॅमेरा मावळतीचा केशरी रंग ‘दुरुस्त’ करून टाकतो. शटर 1/50 सेकंदावर ठेवले की भारतीय विजेच्या दिव्यांचा फडफडाट येत नाही. तिकाटण्यावरचा (ट्रायपॉडवरचा) कॅमेरा एकदा लावला की हलवू नये; किरण कुठवर चढला हे स्थिर चौकटीतच कळते.

प्रक्षेपणासाठी तारेने जोडलेले इंटरनेट लागते. आवारात हजारो मोबाईल एकाच टॉवरवर असतात, सिमकार्डावरचे प्रक्षेपण ऐन क्षणी अडकते. यूट्यूबवर चित्र साधारण दहा ते तीस सेकंद मागे असते. महाद्वार रोडवर मोबाईल धरून उभ्या असलेल्याला मंदिरातला घंटानाद आधी ऐकू येतो आणि किरण नंतर दिसतो.

याचा परिणाम भक्तीच्या भाषेवरही झाला. ‘पूर्ण क्षमतेने किरणोत्सव’, ‘किरणे गुडघ्यापर्यंत’, ‘ढगांमुळे निराशा’ अशा बातम्या रोज संध्याकाळी येतात आणि धावफलकासारख्या वाचल्या जातात. पूर्वी जो क्षण पुजारी आणि चार-दोन भाग्यवंत पाहत, त्याला आता यश-अपयश आले. दुसरी बाजूही आहे. रोजचा आकडा आणि चित्र लोकांसमोर आल्यामुळेच मार्गातल्या बांधकामांचा प्रश्न सार्वजनिक झाला. नाहीतर तो चार जाणकारांच्या चर्चेतच राहिला असता.

पूजेचे छायाचित्र. नवरात्रात देवीची दररोज वेगळ्या रूपात सालंकृत पूजा बांधतात. पंचमीला, त्र्यंबोली देवीच्या भेटीच्या दिवशी, गजारूढ आणि अष्टमीला महिषासुरमर्दिनी, ही सर्वांच्या तोंडी असलेली रूपे. पूजा दुपारी बांधून झाली की तिचे छायाचित्र निघते आणि संध्याकाळपर्यंत मुंबई-पुण्यातल्या कोल्हापूरकरांच्या स्टेटसवर चढते. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात तेच चित्र पूजा बांधणाऱ्या श्रीपूजकांच्या नावांसह येते. रांगेत चार तास उभ्या राहिलेल्या माणसाला मात्र गाभाऱ्यासमोर काही सेकंदच मिळतात. पूजेतला बारकावा बघायचा तर फोटोच बघावा लागतो, हे मान्य करायला हरकत नाही.

गोंधळ होतो तो खऱ्या मूर्तीबाबत. साडी, दागिने आणि प्रभावळ यांमुळे मूळ पाषाणमूर्ती चित्रात झाकलेली असते. ती उभी आणि चतुर्भुज आहे : खालच्या उजव्या हातात म्हाळुंग (लिंबाच्या जातीचे फळ), वरच्या उजव्या हातात गदा, वरच्या डाव्या हातात ढाल, खालच्या डाव्या हातात पानपात्र, मस्तकावर नाग आणि लिंग, मागे सिंह. कमळात उभी राहून हातातून नाणी ओतणारी लक्ष्मी कॅलेंडरांनी घरोघर नेली, आणि आता कृत्रिम बुद्धिमत्तेने तयार केलेली ‘अंबाबाई’ही बहुतेक वेळा त्याच साच्यातून निघते. चित्र ओळखायची सोपी खूण म्हणजे हात पाहावेत. कमळ आणि सोन्याची नाणी असतील तर ती विष्णुपत्नी लक्ष्मीची प्रतिमा आहे, करवीरची मूर्ती नव्हे. तरीही अशी चित्रे ‘आजचे दर्शन’ म्हणून फिरतात आणि खाली शेकडो हात जोडलेले दिसतात.

टाळेबंदी आणि ई-पास. मार्च 2020 मध्ये मंदिरे बंद झाली, 16 नोव्हेंबर 2020 रोजी उघडली, पुन्हा बंद झाली आणि 7 ऑक्टोबर 2021 रोजी, घटस्थापनेला, परत खुली झाली. मधल्या काळात थेट प्रक्षेपण हेच दर्शन होते. त्या नवरात्रात तासाच्या हिशेबाने ऑनलाइन नोंदणी करून आत सोडले गेले. ज्याच्याकडे स्मार्टफोन नाही अशा खेड्यातल्या म्हाताऱ्या माणसाला नातवाची वाट पाहावी लागली. सवय लागली तसे ठगही आले. अभिषेक, प्रसाद, झटपट दर्शन यांच्या नावाने बनावट वेबपाने आणि क्यूआर कोड फिरतात. पैसे पाठवण्याआधी पडद्यावर येणारे खातेदाराचे नाव वाचावे. ते एखाद्या व्यक्तीचे असेल तर व्यवहार तिथेच थांबवावा. देवस्थानचे खाते व्यक्तीच्या नावावर नसते.

मिरवणूक. गणेशोत्सवात ध्वनियंत्रणेच्या भिंतीला कोल्हापुरात सरसकट ‘डॉल्बी’ म्हणतात. नियमाने निवासी भागात दिवसा 55 आणि रात्री 45 डेसिबल ही मर्यादा. विसर्जन मार्गावर ती पाळली जाते असे कोणी म्हणत नाही. आता मिरवणूक रीलसाठी सजते. लेझरचा झोत कॅमेऱ्यात छान दिसतो, म्हणून तो गर्दीच्या डोळ्यांच्या उंचीवर सोडला जातो. तो थेट डोळ्यात गेला तर दृष्टिपटलाला इजा होऊ शकते, आणि मोबाईलच्या संवेदकावर पडला तर चित्रात कायमची रेघ राहू शकते. मोहरमचे पंजे अनेक तालमींत गणपतीइतक्याच आपुलकीने बसतात, पण त्यांचे व्हिडिओ त्या मानाने फारच कमी फिरतात.

स्टेटस आणि मोर्चा. जून 2023 मध्ये औरंगजेब आणि टिपू सुलतान यांच्यासंबंधीच्या काही मोबाईल स्टेटसवरून शहरात तणाव झाला. 7 जूनला बंदच्या वेळी दगडफेक झाली, पोलिसांनी लाठीमार केला आणि जिल्ह्यात इंटरनेट बंद ठेवण्यात आले. स्टेटस चोवीस तासांत आपोआप पुसले जाते, त्याचा स्क्रीनशॉट मात्र राहतो. तो दुसऱ्या गटात गेला की मूळ लिहिणारा कोण, कोणाला उद्देशून, हे निघून जाते आणि फक्त चित्र उरते. धार्मिक भावना हेतुपुरस्सर दुखावल्याबद्दल तेव्हा भारतीय दंड संहितेचे कलम 295अ होते. 1 जुलै 2024 पासून भारतीय न्याय संहितेचे कलम 299 लागू आहे. पुढे पाठवणाराही चौकशीत येऊ शकतो.

याच्या अगदी उलट प्रकार 2025 मध्ये झाला. शिरोळ तालुक्यातल्या नांदणी येथील जैन मठाची महादेवी ऊर्फ माधुरी ही हत्तीण न्यायालयाच्या आदेशानंतर जुलैअखेर गुजरातमधील वनतारा या रिलायन्सच्या प्राणी-केंद्रात हलवली गेली. निरोपाचे व्हिडिओ गावोगाव पोचले. जैन, मराठा, लिंगायत, मुस्लिम असा भेद न करता लोकांनी रिलायन्सच्या जिओची सिमकार्डे दुसऱ्या कंपनीकडे वळवण्याची मोहीम उघडली आणि 3 ऑगस्टला नांदणीहून कोल्हापूरच्या जिल्हाधिकारी कार्यालयापर्यंत मूक पदयात्रा निघाली. काही दिवसांतच वनताराने हत्तिणीच्या परतीच्या प्रयत्नांत सहकार्य करण्याची तयारी जाहीर केली. हत्तीण मठाची असली तरी व्हिडिओमुळे ती जिल्ह्याची झाली होती.