पडद्यावरचा दादा थांबतो तेव्हा

अमळनेरला बहिणीकडे गेलो की पाच वर्षांची भाची मोबाईलवर ‘ब्लूज क्लूज’ या अमेरिकी बालमालिकेचे जुने भाग लावून बसलेली दिसते. हिरव्या पट्ट्यांचा शर्ट घातलेला सादरकर्ता स्टीव्ह ब्लू नावाच्या कार्टून कुत्रीच्या पंजाचा ठसा शोधत असतो आणि ठसा नेमका त्याच्या पाठीमागे असतो. समोर बघत तो विचारतो, मग गप्प राहतो. ही ओरडते, “मांगे शे, मांगे!” तो वळतो, ठसा सापडतो. आपली अहिराणी त्याला कळली, याबद्दल तिला काडीचीही शंका नसते.

त्या गप्प राहण्यामागे, मुलांना पडद्याशी बोलतं करण्याची मोठी खटपट आहे. १९५३ साली अमेरिकेत सीबीएस वाहिनीवर ‘विंकी डिंक अँड यू’ हा मुलांचा कार्यक्रम सुरू झाला. जॅक बॅरी तो सादर करायचा. पन्नास सेंटचा संच मागवायचा, त्यातला पारदर्शक प्लॅस्टिकचा कागद टीव्हीच्या काचेवर चिकटवायचा आणि कार्टूनमधला विंकी अडला की त्यावर खडूने पूल काढून द्यायचा. ज्यांच्याकडे कागद नव्हता त्या पोरांनी थेट काचेवरच रेघा ओढल्या! १९५७ मध्ये तो बंद पडला.

आपल्याकडे मुंबई दूरदर्शन आलं २ ऑक्टोबर १९७२ ला. पुढे ‘किलबिल’ हा बालकार्यक्रम आला, १९८४ मध्ये पुण्यात मुलांसाठी शैक्षणिक कार्यक्रम बनवणारी बालचित्रवाणी उभी राहिली. मी ते सगळं जीव लावून पाहिलं; पण आमचं काम ऐकण्याचं. बोलायची पाळी यायची ती रात्री, आजीच्या गोधडीत. गोष्ट चालू असताना हुंकार द्यावाच लागे. हुंकार थांबला की आजी थांबे.

८ सप्टेंबर १९९६ ला निकलोडियन या मुलांच्या वाहिनीवर आलेल्या ‘ब्लूज क्लूज’ने तो हुंकार टीव्हीत आणला, असं मला मनापासून वाटतं. प्रत्येक भाग तयार होताना आधी लहान मुलांना दाखवून पाहत. एकच भाग सोमवार ते शुक्रवार रोज लागे, म्हणजे पहिल्या दिवशी बुजलेलं पोरही शुक्रवारपर्यंत उत्तर देऊ लागे. आणि स्टीव्ह बर्न्स? तो निळ्या पडद्यासमोर एकटा उभा असायचा. ना कुत्री, ना घर, ना मुलं. चित्रं नंतर जोडली जात. समोर कुणी नसताना, कुणीतरी बोलतंय असं ऐकत राहायचं! मला त्याचं खरं कसब तिथे दिसतं.

२००२ मध्ये तो कार्यक्रमातून गेला. गोष्टीत तो कॉलेजला निघाला आणि भाऊ ज्यो आला. अफवा तर तो मेल्याच्याही उठल्या. सप्टेंबर २०२१ मध्ये, कार्यक्रमाला पंचवीस वर्षं झाली तेव्हा, तोच हिरवा शर्ट घालून तो एका छोट्या व्हिडिओत परत आला. अचानक गेल्याबद्दल बोलला, मग समोरच्या, आता मोठ्या झालेल्या पोरांच्या नोकऱ्या, शिक्षणाची कर्जं, संसार यांबद्दल. बहिणीने तो पाहिला. तिने तर लहानपणी त्याला कधी पाहिलंही नव्हतं, तरी तो बोलत असताना ती मोबाईलकडे बघून हळूच “हं” म्हणाली.