पान्हा, इंजेक्शन आणि 2018ची बंदी : पार्श्वभूमी

म्हैस पान्हा चोरते, म्हणजे दूध उतरू देत नाही, याला तिचा हट्ट जितका कारण, तितकीच तिची कास. धारेपूर्वी गाईच्या कासेत साधारण पाचवा हिस्सा दूध सडांपाशी उतरलेलं असतं. म्हशीत जेमतेम 5 टक्के. बाकीचं मेंदूतून ऑक्सिटोसिन हे हार्मोन सुटल्याशिवाय खाली येत नाही. धारेला नवा गडी बसला, गोठ्यात आरडाओरडा झाला किंवा रेडकू दगावलं, की म्हैस आखडते. अमेरिकेत 1941 साली गाईच्या पाठीवर मांजर ठेवून आणि कानाशी कागदी पिशव्या फोडून हेच तपासलं गेलं. घाबरलेल्या गाईने दूध रोखलं. भीतीच्या वेळी शरीरात सुटणारं अ‍ॅड्रेनालिन टोचल्यावरही तेच.

1953 मध्ये ऑक्सिटोसिन प्रयोगशाळेत तयार झालं आणि पुढे तबेल्यांना सोपी वाट सापडली. शहरी तबेल्यात रेडकाला पाजणं म्हणजे दुधाचा तोटा. नर असेल तर त्याच्याकडे बघतंय कोण? रेडकू गेलं की ऑक्सिटोसिनची सुई आली. त्याआधी फुंका (दूध उतरावं म्हणून जनावराच्या योनीत हवा फुंकणं) होताच. तो 1960च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्याने गुन्हा ठरला, आणि 1982च्या दुरुस्तीने दूध वाढवण्यासाठी टोचलेलं, जनावराला अपायकारक इंजेक्शनही त्यात आलं. सुई थांबली नाही.

खरा गोंधळ 2018चा. तबेल्यांतला गैरवापर रोखायला केंद्र सरकारच्या एप्रिलमधल्या अधिसूचनेने ऑक्सिटोसिनचं देशातल्या वापरासाठीचं उत्पादन खासगी कंपन्यांना बंद करून एकाच सरकारी कंपनीकडे सोपवलं. अंमलाची 1 जुलैची मुदत 1 सप्टेंबरवर गेली. पण हेच औषध बाळंतिणीचा रक्तस्राव थांबवतं. तुटवडा पडला तर जीव जातील, हा आक्षेप रास्तच होता. दिल्लीतल्या उच्च न्यायालयाने डिसेंबर 2018 मध्ये निर्णय रद्द केला. त्याला शास्त्रीय आधार नाही, स्त्रियांच्या जिवाचा विचार झाला नाही, असं म्हटलं. 2019 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रकरण मोठ्या पीठाकडे पाठवलं.

या वादात दुधातून माणसाच्या पोटात हार्मोन जाण्याच्या भीतीवर भरपूर शाई खर्च झाली. ते तर पोटात पचून जातं. रेडकाचा विषय मागेच राहिला. चांगला पशुवैद्य मात्र आधी विचारतो: धारेला कोण बसतं, वेळ बदलली का, रेडकू जिवंत आहे का? मग ठरल्या वेळी धार, समोर आंबोण, कोमट पाण्याने कास धुऊन दोन-तीन मिनिटं चोळणं. रेडकू गेलेल्या म्हशीही अशा सवयीने पान्हवतात, फक्त काही दिवस दूध कमी घ्यायची मालकाची तयारी लागते.